श्रीमंतीचा हिशोब : जमनालाल बजाज यांच्या जीवनातून काय शिकावे?



'बजाज' हे नाव घेतलं की आपल्या होस्टेलमध्ये सगळ्यात आधी काय आठवतं? पल्सर! ज्यांच्या अंगणात बाबांची जुनी गाडी अजून उभी आहे त्यांना चेतक आठवेल. फायनल इयरच्या दादा-ताईंना पॅकेज आठवेल आणि कॅटची तयारी करणाऱ्यांना मुंबईचं 'जमनालाल बजाज इन्स्टिट्यूट'. पण हे जमनालाल नेमके कोण, असं विचारलं तर बहुतेक जण "कंपनीचे मालक असतील" असं म्हणून गप्प बसतात.

मी कॉन्व्हेंटमध्ये शिकलेली. रॉकफेलर आणि कार्नेगी यांची नावं मला शाळेतच पाठ होती. माझं गाव कोहमारा, ता. सडक अर्जुनी, जि. गोंदिया. तिथून वर्धा साधारण दोनशे किलोमीटर. एवढ्या जवळच्या या माणसाबद्दल मात्र मी वाचलं ते इंजिनिअरिंगला आल्यावर. तेही आपल्या नेहमीच्या एका वादामुळे.

तो वाद तुम्हालाही ओळखीचा असेल. मेसमध्ये, टपरीवर, सबमिशनच्या आदल्या रात्री कुणीतरी म्हणतंच, "आधी भरपूर कमवू, सेटल होऊ. मग समाजासाठी, निसर्गासाठी काहीतरी करू." ऐकायला हे बरोबर वाटतं. खिशात काही नसेल तर देणार काय? पण या वाक्यात एक प्रश्न लपलेला आहे. कमावताना आपण जे काही तोडू, जाळू, वाहून नेऊ, त्याचा हिशोब नंतरच्या दानातून फिटतो का? या प्रश्नाचं उत्तर शोधायला मला दोन श्रीमंत माणसांची आयुष्यं उपयोगी पडली. एक इंग्लंड-फ्रान्सचा, दुसरा आपल्या विदर्भातला. पहिल्याबद्दल थोडक्यात सांगते, कारण खरा विषय दुसरा आहे.

आधी कमाई, मग पर्यावरण

सर जेम्स गोल्डस्मिथ यांचा जन्म १९३३ साली पॅरिसमध्ये झाला. कंपन्या विकत घ्यायच्या, त्यांचे तुकडे करायचे आणि फायद्यात विकायचे, हा त्यांचा व्यवसाय. १९८० च्या दशकात त्यांनी अमेरिकेतल्या डायमंड इंटरनॅशनल आणि क्राऊन झेलरबाख या कंपन्या ताब्यात घेतल्या. या कंपन्यांकडे कागदासाठी आणि लाकडासाठी राखलेली प्रचंड जंगलं होती. क्राऊन झेलरबाखचे कागद कारखाने विकले गेले आणि लाखो एकर जंगल गोल्डस्मिथ यांच्याकडे राहिलं. १९८७ साली शेअर बाजार कोसळला, पण त्याआधीच त्यांनी आपली बरीचशी मालमत्ता विकून पैसा मोकळा केला होता. पुढे १९९० मध्ये जंगलांच्या बदल्यात त्यांनी सोन्याच्या खाणीच्या कंपनीतला मोठा हिस्सा घेतला.

आणि मग हाच माणूस पर्यावरणाचा प्रचारक झाला! त्यांचे भाऊ एडवर्ड गोल्डस्मिथ यांनी १९७० सालीच 'द इकॉलॉजिस्ट' नावाचं मासिक सुरू केलं होतं. जेम्स यांनी अणुऊर्जेविरुद्ध, औद्योगिक शेतीविरुद्ध आणि खुल्या जागतिक व्यापाराविरुद्ध लिहिलं, पैसा दिला. १९९४ साली ते फ्रान्समधून युरोपियन पार्लमेंटवर निवडून गेले. १९९७ च्या निवडणुकीत त्यांनी ब्रिटनमध्ये स्वतःच्या पक्षाचे पाचशेच्या वर उमेदवार उभे केले. एकही निवडून आला नाही. त्याच वर्षी जुलैमध्ये त्यांचं निधन झालं.

त्यांची तळमळ खोटी होती असं मला म्हणायचं नाही. पण ज्या पैशावर ही चळवळ उभी राहिली, त्यात जंगलांच्या सौद्यांचाही पैसा होता, हे विसरता येत नाही. आता आपल्या वर्ध्याकडे येऊ.

जन्म, दत्तक आणि एक पत्र

जमनालाल यांचा जन्म ४ नोव्हेंबर १८८९ रोजी राजस्थानातल्या सीकरजवळच्या 'काशी का बास' या लहानशा गावात झाला. घर गरीब मारवाड्याचं. वर्ध्याचे श्रीमंत व्यापारी सेठ बच्छराज बजाज यांनी या मुलाला लहानपणीच नातू म्हणून दत्तक घेतलं. वर्धा म्हणजे कापसाचा मुलूख. कापसाची खरेदी-विक्री आणि सावकारी हा त्या काळच्या पेढ्यांचा कणा. म्हणजे आजच्या भाषेत जमनालाल हे ट्रेडिंग आणि फायनान्सच्या घरात वाढले. शाळेचं शिक्षण फार थोडं झालं.

सतराव्या वर्षी एक घटना घडली. एका लग्नाला जाताना दागिने घालायला नकार दिला म्हणून आजोबा रागावले आणि संपत्तीवरून बोलले. जमनालालने सरळ एक पत्र लिहिलं. तुमच्या पैशावर माझा कोणताही हक्क नाही, अंगावरच्या कपड्यांशिवाय मी काही नेत नाही, अशा अर्थाचं ते पत्र होतं. ते देऊन हा मुलगा घर सोडून निघाला. नंतर समजूत काढून त्याला परत आणलं. थोड्याच काळात, १९०७ साली बच्छराजजी वारले आणि सगळी इस्टेट त्याच्याच हाती आली. पण पत्रातली गोष्ट जमनालाल विसरले नाहीत. वारशाने आलेला पैसा आपला नाही, तो आपल्याकडे सांभाळायला आहे, असंच ते आयुष्यभर मानत आले.

मित्रांनो, सतरा वर्षं म्हणजे आपण बारावीच्या क्लासेसमध्ये होतो तेव्हाचं वय!

पेढीवरून राजकारणात

सुरुवातीला सरकारदरबारी त्यांचं चांगलं वजन होतं. ते ऑनररी मॅजिस्ट्रेट होते, 'रायबहादूर' ही पदवीही मिळाली होती. पण १९१५ नंतर ते गांधीजींच्या संपर्कात आले आणि दिशा बदलली. डिसेंबर १९२० मध्ये नागपूरला काँग्रेसचं अधिवेशन भरलं, त्याच्या स्वागत समितीचे अध्यक्ष जमनालाल होते. याच वेळी त्यांनी गांधीजींना एक विचित्र मागणी केली, "मला तुमचा पाचवा मुलगा माना." गांधीजींना स्वतःचे चार मुलगे होते. त्यांनी होकार दिला. त्याच सुमारास जमनालाल काँग्रेसचे खजिनदार झाले आणि असहकाराच्या चळवळीत त्यांनी रायबहादूर ही पदवी सरकारला परत केली.

यापुढचा काळ धावपळीचा आहे, म्हणून मुख्य गोष्टीच लिहिते :

१९२१ : त्यांच्या आग्रहावरून विनोबा भावे वर्ध्याला आले आणि तिथे आश्रम सुरू झाला.

१९२३ : नागपूरच्या झेंडा सत्याग्रहाचं नेतृत्व. अटक आणि तुरुंगवास.

१९२८ : वर्ध्याचं आपलं घराण्याचं लक्ष्मीनारायण मंदिर त्यांनी त्या वेळी अस्पृश्य मानल्या गेलेल्या लोकांसाठी खुलं केलं. आपल्या समाजाचा रोष पत्करून उचललेलं हे पाऊल होतं.

१९३० : मिठाच्या सत्याग्रहात मुंबईच्या विलेपार्ले छावणीचं काम आणि पुन्हा तुरुंग.

१९३९ : दुष्काळग्रस्तांच्या मदतीसाठी जाताना जयपूर संस्थानाने त्यांना प्रवेशबंदी केली होती. ती मोडली म्हणून अनेक महिने स्थानबद्धता.

थोडक्यात, नुसती देणगी देऊन फोटो काढणारे हे राजकारणी नव्हते. पण आपला विषय याच्या पुढे सुरू होतो.

मगनवाडी : बागेतली प्रयोगशाळा

१९३४ मध्ये गांधीजी वर्ध्याला राहायला आले. त्याच वर्षाच्या शेवटी 'अखिल भारत ग्रामोद्योग संघ' स्थापन झाला. त्यासाठी जमनालालजींनी वर्ध्यातली आपली बाग आणि घर देऊन टाकलं. मगनलाल गांधी यांच्या नावावरून त्या जागेला 'मगनवाडी' म्हणू लागले. संघाचं काम पाहायला आले जे. सी. कुमारप्पा. हे गृहस्थ लंडनला शिकलेले हिशोबतपासनीस, मुंबईत त्यांची ऑडिटची फर्म होती. म्हणजे देणारा फायनान्सवाला आणि चालवणारा अकाऊंटंट!

मला या ठिकाणाबद्दल जास्त लिहावंसं वाटतं, कारण हा भाग आपल्या, म्हणजे इंजिनिअरच्या कामाचा आहे. मगनवाडीत काय चालायचं? सुधारलेली तेलघाणी, हातकागद, मधमाशीपालन, गूळ. धूर कमी करणारी 'मगन चूल' तिथे तयार झाली. रॉकेलऐवजी गावातल्या तेलावर चालणारा 'मगन दीप' नावाचा कंदील तयार झाला. या सगळ्यामागचा नियम साधा होता. गावात जे पुन्हा पुन्हा उगवतं त्यावर यंत्र चाललं पाहिजे आणि बिघडलं तर गावातच दुरुस्त झालं पाहिजे.

कुमारप्पांनी हाच विचार पुढे शास्त्रासारखा मांडला. त्यांच्या म्हणण्याचा सारांश असा : निसर्गाची संपत्ती दोन प्रकारची असते. एक नदीच्या प्रवाहासारखी, जी वापरली तरी मागून येत राहते. दुसरी टाकीत साठवलेल्या पाण्यासारखी, म्हणजे कोळसा आणि पेट्रोल. टाकीवर जगणाऱ्या समाजात टाकीसाठी भांडणं होणारच. १९४५ साली तुरुंगात असताना त्यांनी 'इकॉनॉमी ऑफ परमनन्स' हे पुस्तक लिहिलं. रिन्युएबल आणि नॉन-रिन्युएबल हा फरक आपण एनर्जीच्या पेपरमध्ये दोन मार्कांसाठी लिहितो. वर्ध्याच्या एका बागेत बसून काही लोक तो जगून पाहत होते. 'पर्यावरण' हा शब्दसुद्धा तेव्हा कुणाच्या तोंडी नव्हता.

सेगावचा मालगुजार

३० एप्रिल १९३६ रोजी गांधीजी वर्ध्याजवळच्या सेगावला राहायला गेले. या गावातल्या जमिनीचा मोठा हिस्सा जमनालालजींच्या मालकीचा होता. तो त्यांनी आश्रमासाठी उपलब्ध करून दिला. पुढे १९४० मध्ये त्या गावाचं नाव 'सेवाग्राम' झालं. तिथली घरं पाहिली नसतील तर एकदा नक्की पाहा. मातीच्या भिंती, बांबू, लाकूड, वर कवेलू. जवळपास मिळेल तेच वापरायचं, हा नियम. सिव्हिलवाले ज्याला आज 'लोकल मटेरियल' म्हणतात ते हेच. विदर्भाच्या मे महिन्यात त्या कुटीत आणि आपल्या होस्टेलच्या स्लॅबखाली काय फरक पडतो, हे सांगायला थर्मामीटर लागणार नाही.

इथे माझ्या भागातली एक गोष्ट सांगितली पाहिजे. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या जिल्ह्यांत गावोगावी जुने तलाव आहेत. त्यांना 'मामा तलाव' म्हणतात, म्हणजे माजी मालगुजारी तलाव. गावचा मालगुजार श्रीमंत असायचा, सारा वसूल करायचा, बऱ्याचदा कर्जही द्यायचा. पण त्याचं उत्पन्न धानावर आणि धान तलावाच्या पाण्यावर. त्यामुळे पाळ नीट ठेवणं, गाळ काढून घेणं याकडे त्याला लक्ष द्यावंच लागे. आमच्या कोहमाऱ्याहून जवळच नवेगावबांध आहे. तो प्रचंड तलाव अठराव्या शतकात कोलू पाटील कोहळी यांनी बांधला असं सांगतात. म्हणजे आमच्याकडे श्रीमंती आणि पाणी एकाच पाळीला बांधलेले होते.

ती पद्धत आदर्श होती असं नाही. कुळांवर अन्यायही झाला आणि १९५० च्या कायद्याने मालगुजारी संपली ते योग्यच झालं. पण तलाव सरकारजमा झाल्यावर त्यांची काळजी रोज घेणारा कुणी उरला नाही, पुष्कळ तलाव गाळाने भरले. फायदा घेणारा आणि सांभाळणारा वेगळा झाला की काय होतं, त्याचं हे उदाहरण आमच्या दारातच आहे. दुसरं उदाहरण म्हणजे आमच्या गावावरून जाणारा मुंबई-कोलकाता महामार्ग. एका बाजूला नागझिरा, दुसऱ्या बाजूला नवेगाव. २०१३ पासून ही दोन्ही जंगलं मिळून एकच व्याघ्रप्रकल्प आहे. ट्रक रात्रभर धावतात. माल नेणाऱ्याला वाटेतलं जंगल दिसत नाही आणि रस्ता ओलांडणाऱ्या जनावराला ट्रकचा मालक कोण ते माहीत नसतं.

जमनालालजींनी हे अंतर स्वतःच्या बाबतीत ठेवलं नाही. ज्या मुलखातल्या कापसावर पेढी उभी राहिली, त्याच मुलखात ते राहिले, त्याच गावांत खर्च केला. खादीचा प्रचार करणाऱ्या चरखा संघाचं खजिनदारपणही त्यांनी सांभाळलं. कापसातून मिळालेला पैसा कापूस पिंजणाऱ्या, कातणाऱ्या हातांकडे परत नेण्याचा तो प्रयत्न होता.

मग साखर कारखाना कसा?

आता कुणी हुशार वाचक विचारेल की एवढं सगळं होतं तर मग उद्योग कशाला काढले? प्रश्न बरोबर आहे. १९३१ साली जमनालालजींच्या पुढाकाराने उत्तर प्रदेशात गोला गोकर्णनाथ इथे साखर कारखाना सुरू झाला. पुढे मुकंद या लोखंड-पोलादाच्या कंपनीतही ते आले. म्हणजे एकीकडे मगनवाडीत गुळाचा प्रचार आणि दुसरीकडे कारखान्यात साखर! चरित्र लिहिताना ही गोष्ट झाकून ठेवायची नाही, असं मला वाटतं. यंत्रयुगात उद्योगही हवा आणि गावही जगायला हवं, ही ओढाताण त्यांच्या आयुष्यात शेवटपर्यंत दिसते.

गांधीजींनी यावर विश्वस्ताची कल्पना मांडली होती. धनवानाने संपत्तीचा मालक न होता विश्वस्त व्हावं. जमनालालजी गेल्यावर गांधीजींनी लिहिलं की, विश्वस्ताबद्दल लिहिताना आपल्या डोळ्यांसमोर मुख्यतः हाच माणूस असे. विश्वस्त कल्पनेवर टीका करणारे पुष्कळ आहेत आणि त्यांच्या शंकाही रास्त आहेत. एका माणसाच्या चांगुलपणावर किती भरवसा ठेवायचा? कायदा नको का? हवाच. पण कायदा नसतानाही स्वतःला प्रश्न विचारणारा व्यापारी आपल्याकडे होऊन गेला, हे तरी आपल्याला माहीत असावं.

शेवटचे दिवस गोपुरीत

१९४१ मध्ये तुरुंगातून आजारपणामुळे सुटल्यावर जमनालालजींनी मोठ्या राजकारणातून लक्ष काढून घेतलं. ३० सप्टेंबर १९४१ रोजी वर्ध्यात 'गोसेवा संघ' सुरू झाला. तेव्हा गोरक्षणाच्या नावाने सभा पुष्कळ होत. जमनालालजींचा भर गायीची जात सुधारणं, चारा, दूध, शेण-खत आणि नैसर्गिकरीत्या मेलेल्या जनावराच्या कातड्याचा उपयोग यांवर होता. म्हणजे शेतकऱ्याच्या घरातलं काहीही वाया जाऊ नये. वर्ध्याजवळ गोपुरीला ते एका झोपडीत राहू लागले. लखपती माणूस, पण स्वतः गायींची सेवा करायचा. हे जेमतेम काही महिनेच चाललं. ११ फेब्रुवारी १९४२ रोजी मेंदूतील रक्तस्रावाने त्यांचं निधन झालं. वय अवघं ५२.

त्यांच्यामागे पत्नी जानकीदेवी यांनी गोसेवेचं काम पुढे नेलं. दागिने आणि पडदा त्यांनी तरुणपणीच सोडला होता. पुढे विनोबांच्या भूदान चळवळीतही त्या फिरल्या आणि १९५६ साली त्यांना पद्मविभूषण मिळालं. चेतक आणि पल्सर हा त्यानंतरच्या पिढ्यांचा इतिहास. तो आपल्याला माहीत आहेच.

आपण काय शिकायचे?

१) देण्याची सवय कमाईबरोबरच लागते. जमनालालजींनी आधी कोटी जमवून मग सुरुवात केली नाही. 'केसरी'च्या हिंदी आवृत्तीसाठी त्यांनी रोजच्या खर्चाला मिळणाऱ्या एका रुपयातून साठवलेले शंभर रुपये दिले होते, असं त्यांच्या चरित्रात सांगतात. तेव्हा ते आपल्यापेक्षा लहान होते.

२) पैसा कुठून येतो, हे किती येतो याइतकंच महत्त्वाचं आहे. प्लेसमेंटला आपण सीटीसी विचारतो. त्या कारखान्याचं पाणी कुठून येतं आणि सांडपाणी कुठे जातं, हेही एकदा स्वतःला विचारून पाहू. नोकरी नाकारायलाच हवी असं नाही. पण आत गेल्यावर त्या पाईपच्या शेवटी काय आहे, हे बघणारा एक तरी इंजिनिअर तिथे असेल.

३) लांबच्या निसर्गावर प्रेम करणं सोपं असतं. ॲमेझॉनच्या जंगलावर आपण पोस्टर काढतो, बक्षीसही मिळतं. पण आपापल्या गावचा तलाव किती गाळाने भरला हे किती जणांना ठाऊक आहे? फायनल इयरचा प्रोजेक्ट निवडताना मागच्या वर्षीची फाईल शोधण्यापेक्षा असा एखादा विषय घेता येईल. मामा तलावातला गाळ मोजणं, धानाच्या तुसापासून जळण, मेसच्या खरकट्यापासून बायोगॅस. गाईड सर-मॅडम नाही म्हणणार नाहीत!

४) विसंगती असली तरी सुरुवात करता येते. साखर कारखाना असलेल्या माणसाने मगनवाडी उभी केली. आपणही एसी लॅबमध्ये बसून एनर्जी सेव्हिंगचं प्रेझेंटेशन देतो. दोष दिसला म्हणून काम सोडायचं नसतं, दोष कमी करत जायचं असतं.

गोंदियाहून मुंबईकडे जाणारी गाडी वर्ध्याला थांबते. पुढच्या सुट्टीत दोन-चार जणांनी मिळून उतरून बघा. मगनवाडीतलं मगन संग्रहालय बघा, सेवाग्रामच्या मातीच्या भिंतीला हात लावून बघा. इंडस्ट्रियल व्हिजिटचा रिपोर्ट लिहितो तसा त्यावर एक पानाचा रिपोर्ट लिहा आणि पुढच्या अंकासाठी संपादक मंडळाकडे द्या. "आधी कमवू, मग बघू" म्हणणाऱ्या रूममेटलाही सोबत न्या. येताना गाडीत तो वाद पुन्हा होईल, पण मला खात्री आहे की या वेळी तो जरा वेगळा होईल.

(तृतीय वर्ष, यांत्रिकी अभियांत्रिकी)